रस्त्याकडे तीन

साबणाच्या कारखान्यात मी एकतीस वर्षं स्टोअर सांभाळते आहे. स्टोअर म्हणजे मशीनच्या सुट्या भागांची खोली: नऊ रांगा, रांगांत खण, खणांत कप्पे आणि कप्प्यांत मिळून सातशे बारा डबे. डबे बहुतेक सारखेच दिसतात आणि एकावरही चिठ्ठी नाही. ती मी कधी चिकटवूच दिली नाही. चिठ्ठी लावली की माणूस वाचतो, बघत नाही, आणि न बघता काढलेला नट मशीनमध्येही न बघताच बसवला जातो, असं माझं मत आहे. माझी मतं कोणी विचारत नाही, पण मला ती भरपूर आहेत.

माझी बसायची जागा म्हणजे एक लोखंडी स्टूल. रांगांच्या मधून जी वाट जाते तिच्या तोंडाशी ते आहे. पाठीमागे खिडकी, तिथे फिटर लोक येऊन काय हवं ते सांगतात. समोर रांगा. कोणी "सहा नंबरचा वायसर" म्हणालं की मी उठायच्या आधी माझा हात उठतो, आणि हात जिकडे जाईल तिकडे मी जाते. मी डोळे झाकून सामान काढून देते असं लोक म्हणतात, ते अगदी खरं आहे. एकदा दिवे गेले तेव्हा अर्धा दिवस मी अंधारात सामान दिलं आणि एकही वस्तू परत आली नाही.

तर अशा माझ्या राज्यात या वर्षी एक मुलगी आली. इंजिनियर, हातात वही, कानावर पेन्सिल. साहेबांनी तिला स्टोअरला आकडे घालायला पाठवलं होतं, म्हणून मी तिचं नाव आकडेबाई ठेवलं. तिने ते हसून घेतलं, त्यामुळे मला तिचा राग करणं जरा जड गेलं.

"मावशी, अरुंद पट्टे कुठे असतात?" पहिल्याच दिवशी तिने विचारलं.

"तिथे."

"तिथे म्हणजे?"

"म्हणजे तिथे." मी हात केला.

तिने माझ्या हाताकडे पाहिलं, मग वहीकडे पाहिलं. हात वहीत लिहिता येत नाही हे तिच्या चेहऱ्यावर स्पष्ट दिसत होतं. "आणि तुम्ही नसाल तेव्हा?"

"मी नसेन म्हणजे? कुठे चालले आहे मी?"

मग ती स्टुलाशेजारी जमिनीवरच बसली आणि मला समजावायला लागली. प्रत्येक डब्याच्या जागेला तीन आकडे. कितवी रांग, रांगेतला कितवा खण, जमिनीपासून कितवा कप्पा. एवढं सांगितलं की पहिल्यांदा आलेला माणूससुद्धा सरळ जाऊन वस्तू काढेल. "जगातली कुठलीही वस्तू कुठे आहे हे सांगायला तीन आकडे पुरतात, मावशी."

"आणि माणूस?"

"माणसालाही तीनच. फक्त तो एका जागी बसलेला पाहिजे."

"मग मी सोपी आहे," मी म्हटलं. "एकतीस वर्षं एकाच जागी बसले आहे."

हसण्यावारी नेलं खरं, पण आठवड्याभराने साहेब खिडकीशी आले आणि माझं हसू मावळलं. साहेब वाईट माणूस नाही. त्यांनी अगदी गोड बोलून सांगितलं की आकडे पूर्ण झाले की खिडकी बंद होईल, फिटर आपले आपण सामान घेतील, आणि निवृत्तीपर्यंतची दोन वर्षं मी पॅकिंगमध्ये आरामात बसायचं. "पाठ टेकायला खुर्ची देऊ, मावशी." मला खुर्ची नको होती. मला माझं स्टूल हवं होतं. त्या दिवशी मी आकडेबाईला चहा विचारला नाही. तिची त्यात काही चूक नव्हती, हे मला माहीत होतं, तरी विचारला नाही.

आणि त्याच रविवारी मी पाय मोडून घेतला. नऊ रांगांच्या शिड्या आयुष्यभर चढले-उतरले, कधी खरचटलं नाही. पडले कुठे, तर लेकीच्या घरचा जिना उतरताना. माझ्या घरच्या जिन्याला अकरा पायऱ्या, तिच्या जिन्याला बारा. गप्पा मारत उतरत होते, पायाने आपला अकरावर हिशेब संपवला आणि बारावी पायरी असूनही मी ती नाहीच असं समजून चालायला लागले. पुढे सहा आठवडे प्लास्टर. लेकीने मला तिच्याकडेच ठेवून घेतलं, खोली दिली, पलंग दिला, आणि हलायचं नाही अशी ताकीद दिली. ही ताकीद द्यायची पद्धत तिने माझ्याकडूनच उचलली आहे.

तिसऱ्या आठवड्यात, मंगळवारी सकाळी अकराच्या सुमाराला, फोन वाजला. पाना बोलत होता. पाना म्हणजे आमचा सगळ्यात जुना फिटर. मागच्या खिशात कायम पाना असतो म्हणून हे नाव.

"मावशी, कटर बंद पडला. पितळी दातेरी चाकाचे तीन दात गेलेत."

कटर म्हणजे साबणाच्या वड्या कापायचं मशीन. ते थांबलं की मागच्या नळीतला गरम साबण तिथल्या तिथे घट्ट व्हायला लागतो. दीड तास झाला की नळीत दगड, आणि मग ती सगळी उघडून खरवडायला दोन दिवस. तसलं चाक आता तयार कुठे मिळत नाही, बनवून घ्यायला महिने लागतात. आठ वर्षांपूर्वी बनवून घेतलेल्या डझनातलं शिलकीत एकच उरलं होतं आणि ते मी स्वतःच्या हाताने ठेवलं होतं.

"आकडेबाईला विचारलंस?"

"त्या इथेच आहेत. खणांना आकडे घालून झालेत, पण कुठल्या डब्यात काय आहे ते अजून लिहिलेलं नाही. सातशे डबे उघडत बसलो तर संध्याकाळ होईल. तुम्ही सांगा, मी काढतो."

गंमत बघा. एकतीस वर्षांत मी हजारो वस्तू काढून दिल्या, पण एखादी वस्तू कुठे आहे हे तोंडाने सांगायची वेळ माझ्यावर कधी आलीच नव्हती. मी पलंगावर उशीला टेकून बसले, डोळे मिटले. चाक मला समोर दिसलं. निळ्या झाकणाचा डबा, तेलात भिजवलेल्या फडक्यात गुंडाळलेलं. माझा हात आपोआप उठला.

"खिडकीपासून चौथी रांग," मी म्हटलं. "डाव्या हाताला वळ. तिसरा खण, खालून दुसरा कप्पा. निळं झाकण."

पानाच्या चपलांचा आवाज ऐकू आला. मग डब्याचं झाकण. मग तो म्हणाला, "मावशी, इथे बल्ब आहेत."

"रांग चुकलास. परत मोज."

परत मोजली. परत बल्ब. मी म्हटलं, मग पुढचा खण बघ. त्यात दोऱ्या. त्याच्या पुढचा? त्यात काहीच नव्हतं. "मावशी, आता भिंत आली," पाना म्हणाला, अगदी हळू, दुसऱ्याच्या घरी भांडं फोडलेला माणूस बोलतो तसा.

मी तिसरी रांग सांगितली, पाचवी सांगितली. जितकं आठवायला जावं तितकं आतलं सगळं सरकायला लागलं. चाकाच्या जागी बल्ब कोणी ठेवले? मीच ठेवले की काय? तेवढ्यात फोनमधून लांबून साहेबांचा आवाज आला. "राहू दे रे. साठी बुद्धी नाठी. तीन आठवडे घरी बसली की विसरायला होतंच. डबे उघडायला घ्या."

फोन चालूच होता. खरं सांगते, मला रागसुद्धा आला नाही, आणि राग न येण्याचीच मला जास्त भीती वाटली. मी अठ्ठावन्न वर्षांची. शाळा सातवीपर्यंत. माझ्यापाशी आहे काय, तर ती एक खोली डोक्यात आहे. तीच जर पुसली गेली असेल तर खिडकी बंद करायला साहेबांची गरज नाही, ती आपोआपच बंद झाली. माझे डोळे भरून आले आणि लेकीने पटकन माझ्या पाठीवर हात ठेवला.

दारात माझा जावई चहाचा कप घेऊन उभा होता. तो गाडी चालवायला शिकवतो. सकाळ-संध्याकाळ वर्ग असतात, मधल्या वेळात घरी असतो. माणूस कमी बोलतो, कारण दिवसभर "डावीकडे, अहो डावीकडे" करून त्याचं बोलणं संपलेलं असतं.

"आई, एक विचारू?" तो म्हणाला. "तुम्ही मघाशी 'डाव्या हाताला' म्हणालात, तेव्हा हात केला होता. परत करा बरं. चाक कुठे आहे?"

"मला आता काही सांगता येत नाही, जावईबापू."

"सांगू नका. फक्त हात करा."

मी डोळे मिटले. हात उठला, पहिल्यांदा उठला होता तसाच. डावा हात, डावीकडच्या खिडकीकडे. खिडकीखाली रस्ता होता, ट्रक घरघरत चालले होते.

"माझ्याकडे शिकायला येतात ना," जावई म्हणाला, "त्यांचं तोंड डावीकडे म्हणतं आणि हात उजवीकडे जातो. मी कधी तोंड ऐकत नाही, हात बघतो. हात सहसा चुकत नाही. तुमचा हात रस्त्याकडे गेलाय. हाच रस्ता सरळ कारखान्यावरून जातो की नाही? आणि कारखाना रस्त्याच्या याच बाजूला आहे. स्टुलावर बसल्यावर रस्ता तुमच्या कुठल्या हाताला येतो?"

मी मनातल्या मनात स्टुलावर जाऊन बसले. स्टुलावर बसलं की उजवीकडच्या भिंतीपलीकडे रस्ता. दिवसभर तिथून ट्रकचा असाच आवाज येतो. डावीकडच्या भिंतीमागे कालवा, म्हणून त्या भिंतीला ओल. मी वस्तू डाव्या-उजव्याने ठेवल्याच नव्हत्या. रस्त्याकडच्या आणि कालव्याकडच्या अशा ठेवल्या होत्या, आणि हे मलाच माहीत नव्हतं. हात बिचारा बरोबर रस्त्याकडे जात होता. पण लेकीच्या पलंगावर माझं तोंड उलट्या दिशेला होतं, त्यामुळे रस्त्याकडे जाणारा हात डावा झाला होता, आणि मी इमानदारीने डावा म्हणून सांगत होते.

"मग आता डावं-उजवं अदलाबदल करून सांग की," लेक म्हणाली.

करून बघितलं. पण एक उलटं केलं की दुसरं उलटं होईना. रांगा माझ्या पाठीमागे असल्यासारख्या वाटायला लागल्या आणि मला गरगरलं. "मला फिरवा," मी म्हटलं. "पलंग फिरवा."

"या खोलीत पलंग फिरत नाही, आई. कपाट आडवं येतं. नाचता येईना, पलंग वाकडा."

"मग उशी फिरवा. पण मला फिरवा."

जावयाने कप खाली ठेवला. लेकीने प्लास्टरचा पाय धरला, त्याने मला काखेत धरलं, आणि गव्हाचं पोतं फिरवावं तसं मला पलंगावरच गरकन फिरवलं. उशी पायथ्याशी, पाय उशाशी. आता रस्त्याची खिडकी माझ्या उजव्या हाताला आली. मी डोळे मिटले आणि सगळ्या खोलीने आपल्या आपल्या जागी पाय टेकले. काय बरं वाटलं म्हणून सांगू. घामाघूम होऊन घरी आल्यावर चपला काढतो तसं.

फोन पुन्हा लावला. "पाना, माझ्या स्टुलावर बस."

"मावशी, इकडे साबण घट्ट होतोय आणि मी बसू?"

"बस म्हणते ना. खिडकीकडे पाठ कर. उजव्या भिंतीपलीकडे ट्रक ऐकू येतात?"

"येतात."

"चौथी रांग. ट्रकच्या बाजूला वळ. तिसरा खण, खालून दुसरा कप्पा. निळं झाकण, आत तेलकट फडकं."

चपला. झाकण. लेकीने माझा हात घट्ट धरला होता आणि जावई चहा प्यायचं विसरला होता.

"मावशी," पाना म्हणाला, "फडकं तुमच्या जुन्या साडीचं आहे का? जांभळी?"

"चाक आहे का ते सांग, साडी काय बघतोस."

चाक होतं. वीस मिनिटांत कटर सुरू झाला. साबण नळीत अडला नाही, फक्त त्या दिवशीच्या पहिल्या शंभर वड्या जरा वाकड्या निघाल्या, त्यातल्या दोन पानाने मला आठवण म्हणून पाठवून दिल्या.

त्या वड्या घेऊन आकडेबाई आली, हातात कागदाची गुंडाळी. मी उलट्या बाजूला उशी घेऊन बसलेली बघून ती थबकली. जावयाने तिला सगळं सांगितलं. तीन आठवड्यांत तो इतकं सलग बोलला नव्हता. ती ऐकत गेली आणि मग एकदम खुर्चीवर बसली.

"मीही तेच केलंय, मावशी," ती म्हणाली. "मी पहिल्या दिवशी मागच्या शटरने आत आले, मालाच्या ट्रकबरोबर. म्हणून माझी पहिली रांग शटरजवळची. फिटर येतात खिडकीकडून. त्यांची पहिली रांग माझी नववी. तुमचं चाक माझ्या आकड्यांत सहाव्या रांगेत आहे. पानांना मी आकडा सांगितला असता तरी ते खिडकीपासून मोजून चुकलेच असते. जो जिथून आत येतो तो तिथून मोजतो."

ती एवढी खट्टू झाली की मलाच वाईट वाटलं. चहा मी मागवला, दोन कप.

"मग मोजायचं कुठून?" मी विचारलं.

"एका जागी शून्य धरायचं. सगळ्यांनी तिथूनच मोजायचं, तिथेच उभं राहिल्यासारखं, त्याच दिशेला तोंड करून. फक्त ती जागा सगळ्यांना माहीत पाहिजे."

आम्ही दोघींनी एकमेकींकडे पाहिलं. त्या खोलीत सगळ्यांना माहीत असलेली जागा एकच होती. ती मी तोंडाने म्हटली नाही. मला थोडी तरी लाज आहे. पण गुंडाळी उलगडून कागदावर तिने पेन्सिलीने गोल केला तो बरोबर स्टुलाच्या जागी.

मग भांडण सुरू झालं, कारण ती म्हणाली की डावीकडच्या खणांना उणे आकडे द्यावे लागतील, उणे एक, उणे दोन. मी म्हटलं, माझ्या डावीकडे काय कमी आहे म्हणून उणे? तिकडे सगळे चांगले पट्टे आहेत. तिने कपाळावर हात मारला. शेवटी असं ठरलं की डावं नको, उजवं नको आणि उणंही नको. रस्त्याकडे एक, रस्त्याकडे दोन. कालव्याकडे एक, कालव्याकडे दोन. रस्ता काही कोणाच्या पलंगाप्रमाणे फिरत नाही. "हे मला कॉलेजात शिकवलं असतं तर बरं झालं असतं," ती म्हणाली, आणि सगळे आकडे नव्याने घालायला घेतले.

सहा आठवड्यांनी मी काठी टेकत स्टोअरमध्ये गेले. स्टुलाखाली जमिनीवर लाल रंगाचा गोल होता. प्रत्येक कप्प्यावर नवे आकडे होते, सुबक अक्षरात. खिडकी अजून उघडी होती. मी बसले. दहा मिनिटांत साहेब आले. फोनवरचं ते बोलणं माझ्या कानावर गेलं हे त्यांना कोणीतरी सांगितलेलं असावं, कारण त्यांनी आधी पायाची चौकशी केली, मग प्लास्टरची, मग जावयाची सुद्धा.

"आकडे तर छान झालेत," ते शेवटी म्हणाले. "आता कोणीही येऊन घेऊ शकेल, नाही का, मावशी? बघा, सहज विचारतो. चार, रस्त्याकडे तीन, दोन. काय आहे तिथे?"

आकडेबाई रांगेतून बाहेर येऊन उभी राहिली. पानाही खिडकीत आला होता. तो आकडा मी वाचलेला नव्हता, मला चष्म्याशिवाय ती बारीक अक्षरं दिसतही नव्हती. पण मोजणी माझ्याच स्टुलाखालून सुरू होत होती. चार रांगा पुढे, तीन खण ट्रकच्या आवाजाकडे, खालून दुसरा. हात उठला.

"निळ्या झाकणाचा डबा," मी म्हटलं. "त्यात माझ्या जांभळ्या साडीचं फडकं आहे आणि बाकी काही नाही. चाक मशीनला बसलंय, ते शेवटचं होतं. कटर रोज चालतो तसा चालला तर ते आठ-नऊ महिने जाईल. आजच नवीन बनवायला टाका, साहेब. नाहीतर पुढच्या वेळी तुम्हाला आकडा सापडेल, डबा सापडेल, आणि चाक नसेल."

साहेब तसेच चौथ्या रांगेत गेले. रस्त्याकडे वळले, तीन खण मोजले, वाकले. झाकण उघडल्याचा आवाज आला. ते परत आले तेव्हा त्यांच्या हातात फडकं होतं आणि ते कुठे ठेवावं हे त्यांना कळत नव्हतं.

"कुठल्या डब्यात काय आहे आणि काय संपत आलंय, हे सगळं यांच्याकडून लिहून घ्यायला किती दिवस लागतील?" त्यांनी आकडेबाईला विचारलं.

"सातशे बारा डबे आहेत, सर," ती म्हणाली. चेहरा अगदी गंभीर ठेवला होता. "मावशी सांगतात सावकाश. रोज एक डबा होईल. फार तर."

साहेबांनी मनातल्या मनात भागाकार केला. मीही तो आधीच करून ठेवला होता: सुट्ट्या धरून माझी निवृत्ती उलटून जाते. त्यांनी एकदा माझ्याकडे पाहिलं, एकदा जमिनीवरच्या लाल गोलाकडे.

"खिडकीच्या कड्या गंजल्यात," ते पानाला म्हणाले. "तेल घाल. रोज उघडायची आहे ती." मग फडकं माझ्या हातात देऊन ते गेले.

मी ते घडी करून मांडीवर ठेवलं आणि आकडेबाईला वही काढायला सांगितली. पहिला डबा कुठला घ्यायचा, तिने विचारलं. मी म्हटलं, एक, कालव्याकडे एक, एक, आणि आज एवढंच.